वसतिगृहातील प्राणी : परवानगी नेमकी कशाला?

अमेरिकेतील बहुतेक विद्यापीठांच्या वसतिगृहांत पाळीव प्राण्यांना मज्जाव असतो. फार तर काचेच्या लहान टाकीतील मासे तेवढे चालतात. तरीही त्याच वसतिगृहांतील काही खोल्यांत मांजर, ससा, गिनीपिग किंवा कुत्रा राजरोस राहत असतो, आणि तो चोरून आणलेला नसतो, की कोणा अधिकाऱ्याच्या मर्जीवर टिकलेलाही नसतो. अशा प्राण्याला तेथे ‘इमोशनल सपोर्ट ॲनिमल’, म्हणजे भावनिक आधार देणारा प्राणी, असे म्हणतात. नैराश्य, चिंताविकार, आघातानंतर उद्भवणारा ताणविकार किंवा तत्सम मानसिक आजार असलेल्या व्यक्तीला ज्याच्या नुसत्या सहवासाने आजाराच्या लक्षणांत उतार पडतो, असा हा प्राणी असून, त्याला कोणतेही विशेष प्रशिक्षण मिळालेले असण्याची अट नसते. उच्च शिक्षणासाठी अमेरिकेत जाणाऱ्या मराठी विद्यार्थ्यांच्या कानांवर ही सोय हल्ली पडू लागली असली, तरी तिच्याविषयी दोन टोकांचे गैरसमज आढळतात : कोणाला ती लाडक्या मांजराला सोबत ठेवण्याची पळवाट वाटते, तर कोणाला संकेतस्थळावर पैसे भरून मिळणारा परवाना. प्रत्यक्षात विद्यापीठ प्राण्याला परवानगी देत नाही. एका विद्यार्थ्याची गरज मान्य करून, त्याच्यापुरता आपला नियम शिथिल करते. अर्ज का मंजूर होतात आणि का फेटाळले जातात, हे या एका भेदावरून बव्हंशी उलगडते.

प्रथम, सर्रास होणारी एक गल्लत दूर करणे आवश्यक आहे. अंध व्यक्तीला रस्ता ओलांडण्यास मदत करणारा किंवा अपस्माराच्या झटक्याच्या वेळी ठरावीक कृती करणारा कुत्रा हा ‘सर्व्हिस ॲनिमल’, म्हणजे सेवाप्राणी, या वर्गात मोडतो. १९९० च्या ‘अमेरिकन्स विथ डिसॅबिलिटीज ॲक्ट’ या कायद्याखालील, २०११ पासून लागू असलेल्या सुधारित नियमांनुसार सेवाप्राणी म्हणजे केवळ कुत्राच, आणि तोही दिव्यांगत्वाशी निगडित अशा विशिष्ट कामासाठी शिकवून तयार केलेला. ठेंगण्या जातीच्या घोड्यांसाठी तेवढी एक वेगळी तरतूद त्यात आहे. असा कुत्रा वर्गात, ग्रंथालयात, भोजनगृहात, दुकानात, कोठेही मालकासोबत जाऊ शकतो, आणि त्याच्याविषयी कर्मचारी फार तर दोन प्रश्न विचारू शकतात : हा कुत्रा दिव्यांगत्वामुळे आवश्यक आहे काय, आणि त्याला कोणते काम शिकवलेले आहे? भावनिक आधार देणाऱ्या प्राण्याला यांपैकी कोणताही अधिकार नाही. त्याचे स्थान घरात आहे, आणि विद्यार्थ्याच्या बाबतीत घर म्हणजे वसतिगृहातील खोली.

म्हणूनच या सोयीचे कायदेशीर मूळ शिक्षणविषयक कायद्यापेक्षा घरांविषयीच्या कायद्यात अधिक सापडते. एप्रिल १९६८ मध्ये, मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येनंतर आठवड्याभरातच, ‘फेअर हाउसिंग ॲक्ट’ संमत झाला, तेव्हा त्याचा रोख वंश, वर्ण, धर्म आणि मूळ देश यांवरून घर नाकारण्याच्या प्रथेवर होता. १९८८ च्या दुरुस्तीने त्यात दिव्यांगत्वाचा समावेश झाला आणि एक महत्त्वाचे कलम आले. दिव्यांग व्यक्तीला इतरांच्या बरोबरीने घराचा वापर आणि उपभोग घेता यावा यासाठी नियमांत, धोरणांत वा सेवांत वाजवी फेरबदल करण्यास नकार देणे, हाही भेदभावच होय, असे ते कलम सांगते. या फेरबदलाला कायद्याच्या परिभाषेत ‘रिझनेबल ॲकॉमोडेशन’, म्हणजे वाजवी सोय, म्हणतात. जिने चढू न शकणाऱ्या भाडेकरूला तळमजल्यासमोरची वाहनतळाची जागा राखून देणे ही जशी वाजवी सोय, तशीच ‘प्राणी पाळू नयेत’ या नियमाला एखाद्याच्या आजारापुरता अपवाद करणे हीदेखील.

हा कायदा वसतिगृहांना लागू होतो की नाही, हा मात्र बराच काळ वादाचा विषय होता. नेब्रास्का विद्यापीठाच्या कर्नी येथील शाखेने तिच्या मालकीच्या सदनिकेत राहणाऱ्या एका विद्यार्थिनीला तिचा लहानखुरा कुत्रा ठेवू दिला नाही, तेव्हा २०११ मध्ये खुद्द केंद्र सरकारच्या न्याय विभागाने विद्यापीठावर दावा लावला. विद्यार्थी हे तात्पुरते रहिवासी आहेत, त्यांच्या निवासाचे नियम शिक्षणाच्या हेतूने ठरतात, सबब ही जागा कायद्याच्या अर्थाने ‘निवास’ नव्हेच, असा विद्यापीठाचा युक्तिवाद होता. एप्रिल २०१३ मध्ये संघीय जिल्हा न्यायालयाने तो फेटाळला. विद्यार्थी निवासालाही हा कायदा लागू होतो, असा निर्वाळा त्याने दिला. पुढे २०१५ मध्ये विद्यापीठाने १,४०,००० डॉलर देऊन आणि आपले धोरण बदलून तडजोड केली. दरम्यान मिशिगनमधील ग्रँड व्हॅली स्टेट विद्यापीठात एका गिनीपिगवरून उद्भवलेला तंटा २०१३ मध्ये ४०,००० डॉलरवर मिटला होता, आणि २०१६ च्या आरंभी ओहायोतील केंट स्टेट विद्यापीठालाही अशाच प्रकरणात १,४५,००० डॉलर मोजावे लागले. देशभरातील विद्यापीठांनी यातून घ्यायचा तो बोध घेतला. आज बहुतेक मोठ्या विद्यापीठांत यासाठी लेखी धोरण, ठरावीक अर्ज आणि निर्णय घेणारा विभाग आहे. ही शिस्त करुणेतून जेवढी आली तेवढीच दाव्यांच्या धास्तीतून आली, असे म्हटल्यास ते वावगे ठरू नये.

अर्जाचा विचार करताना विद्यापीठ तीन गोष्टी पाहते. पहिली, विद्यार्थ्याला कायद्याच्या अर्थाने दिव्यांगत्व आहे काय. येथे दिव्यांगत्व या शब्दाची व्याप्ती मराठी वाचकाच्या नेहमीच्या कल्पनेपेक्षा मोठी आहे : झोप, एकाग्रता, विचार करणे, लोकांत मिसळणे अशा जीवनाच्या प्रमुख व्यवहारांपैकी एक किंवा अधिक व्यवहारांवर लक्षणीय मर्यादा आणणारा शारीरिक वा मानसिक विकार म्हणजे दिव्यांगत्व, आणि त्यामुळे दीर्घकाळ टिकलेले तीव्र नैराश्य त्यात बसते, परंतु परीक्षेच्या आठवड्यातील धडधड किंवा घरची आठवण सहसा बसत नाही. दुसरी, त्या निवासात राहता यावे यासाठी प्राण्याची गरज आहे काय. तिसरी, आणि खरे तर निर्णायक, या दोहोंमध्ये दुवा आहे काय. मांजर असले की बरे वाटते, हे जवळजवळ कोणत्याही मांजरप्रेमीला म्हणता येईल; रात्री भीतीचे झटके येऊन जागे होणाऱ्या अमुक विद्यार्थिनीला मांजर जवळ असताना पुन्हा झोप लागते, आणि ते नसताना तिचे दिवसाचे वर्ग बुडतात, हे विधान मात्र आजार आणि प्राणी यांना जोडणारे आहे. अनेक अर्ज अडतात ते नेमके या सांध्यावर : आजार सिद्ध होतो, प्राण्यावरील प्रेमही स्पष्ट दिसते, पण एकाचा दुसऱ्याशी काय संबंध हे कोणी लिहिलेलेच नसते.

हा संबंध कागदावर उतरवण्याचे काम उपचार करणाऱ्या तज्ज्ञाचे असते. मानसोपचारतज्ज्ञ, परवानाधारक मानसशास्त्रज्ञ, समुपदेशक, वैद्यकीय समाजसेवक किंवा नेहमीचे डॉक्टर यांपैकी कोणीही ते पत्र देऊ शकतात. आपण विद्यार्थ्याला कधीपासून आणि कोणत्या नात्याने ओळखतो, त्याच्या विकारामुळे दैनंदिन व्यवहारांवर कोणत्या मर्यादा येतात, आणि प्राण्याच्या सहवासाने त्यांतील कोणती मर्यादा कशी सौम्य होते, एवढे त्यात नेमकेपणाने यावे लागते. आजाराचा सगळा इतिहास, औषधांची यादी किंवा उपचाराच्या नोंदी मागण्याची सामान्यतः आवश्यकता नसते, आणि विद्यापीठाने त्या मागितल्यास कारण विचारण्यास विद्यार्थी मोकळा असतो. येथे एक अडचण पुष्कळांना अनपेक्षित वाटते. विद्यापीठाच्याच समुपदेशन केंद्रात जाणाऱ्या विद्यार्थ्याला तेथून पत्र मिळेलच असे नाही, कारण अनेक केंद्रे अशी पत्रे न देण्याचे धोरण पाळतात. एकाच व्यक्तीने उपचारही करायचे आणि रुग्णाच्या हक्काच्या मागणीवर पुरावाही द्यायचा, यात भूमिकांची सरमिसळ होते, आणि काही थोड्या भेटींत असा निष्कर्ष काढता येत नाही, असे त्यामागील समर्थन आहे. ते तर्कशुद्ध आहे. पण बाहेरच्या तज्ज्ञाची फी न परवडणाऱ्या विद्यार्थ्याला ते फारसे उपयोगाचे नाही, हेही खरे.

या फटीतूनच एक बाजार वाढला आहे. प्रश्नावली भरा, पैसे भरा आणि काही तासांत पत्र, ओळखपत्र व प्राण्याच्या अंगावर घालायचे जाकीट मिळवा, अशा जाहिराती करणारी संकेतस्थळे अमेरिकेत चिकार आहेत, आणि त्यांतील काही स्वतःला ‘राष्ट्रीय नोंदणी’ म्हणवतात. वस्तुतः अशी कोणतीही सरकारी नोंदणी अस्तित्वात नाही, आणि प्रमाणपत्र, पट्टा किंवा जाकीट यांना कायद्यात काडीचे मोल नाही. केंद्र सरकारच्या गृहनिर्माण खात्याने जानेवारी २०२० मध्ये काढलेल्या मार्गदर्शक सूचनेत, पैसे भरणाऱ्या कोणालाही मिळणारी असली कागदपत्रे गरज सिद्ध करण्यास स्वतःहून पुरेशी नाहीत, असे स्पष्ट म्हटले होते; त्याच वेळी, दूरस्थ पद्धतीने का होईना, खरोखर उपचार करणाऱ्या परवानाधारक तज्ज्ञाचे पत्र विश्वसनीय असू शकते, हेही नोंदवले होते. अशा सूचना म्हणजे कायदा नव्हे. प्रशासन बदलले की त्या बदलतात किंवा मागे घेतल्या जातात, मूळ कलम तेवढे कायम राहते. काही राज्यांनी मात्र स्वतंत्र कायदेच केले आहेत. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२२ पासून, भावनिक आधाराच्या कुत्र्यासाठी पत्र देणाऱ्या तज्ज्ञाचे त्या व्यक्तीशी किमान ३० दिवसांचे उपचारसंबंध असावे लागतात. शेवटच्या आठवड्यात जागे होणाऱ्या विद्यार्थ्याला हा नियम जाचक वाटतो. पण ज्याचा आजार खरा आहे त्याला खोट्या पत्रांच्या सुळसुळाटामुळे जो संशय सोसावा लागतो, त्याच्या तुलनेत तीस दिवस फार नव्हेत.

अर्ज जातो तो वसतिगृहाच्या कार्यालयाकडे नव्हे, तर दिव्यांग विद्यार्थ्यांना साहाय्य करणाऱ्या स्वतंत्र कार्यालयाकडे. तेथे विद्यार्थ्याचा अर्ज आणि तज्ज्ञाचे पत्र दाखल झाल्यावर सहसा एक भेट ठरते. तिचे स्वरूप उलटतपासणीचे नसून संवादाचे असावे, अशी अपेक्षा असते, आणि गरज नीट स्पष्ट झाली नसेल तर फेटाळण्यापूर्वी अधिक माहिती मागितली जाते. मंजुरीनंतर निवास विभाग खोली ठरवतो, लसीकरणाचे दाखले घेतो आणि प्राण्याची निगा, स्वच्छता, आवाज व मालकाची अनुपस्थिती यांविषयीचा करार करून घेतो. खोलीत दुसरा विद्यार्थी असेल तर त्याला कल्पना दिली जाते. त्याची हरकत असल्यास बहुधा दोघांपैकी एकाला दुसरी खोली मिळते, पण केवळ त्या हरकतीवरून मूळ अर्ज रद्द होत नाही. ऑगस्टमध्ये सत्र सुरू होत असल्याने खोल्यांचे वाटप उन्हाळ्याच्या आरंभीच होऊन जाते, तेव्हा ज्याला ही सोय हवी त्याने प्रवेश निश्चित होताच अर्ज करणे श्रेयस्कर. मुदत उलटल्यानंतरचे अर्ज विचारात घेतले जातात, परंतु योग्य खोली शिल्लक असेलच याची शाश्वती नसते. आणि मंजुरी हाती येण्यापूर्वी प्राणी खोलीत आणणे, हा तर आपल्याच अर्जाला स्वतः घातलेला खोडा होय.

मंजूर झालेला प्राणी कायद्याच्या दृष्टीने ‘पाळीव प्राणी’ राहत नाही, म्हणून त्याच्यासाठी वेगळी अनामत किंवा मासिक आकार घेता येत नाही. त्याने गालिचा कुरतडला तर त्याची भरपाई मात्र विद्यार्थ्याच्याच खिशातून जाते.

कोणता प्राणी, हाही प्रश्न उरतो. घरात सामान्यतः पाळले जाणारे कुत्रा, मांजर, ससा, लहान पक्षी, हॅमस्टर, मासे, कासव असे प्राणी असतील तर फारशी खळखळ होत नाही. साप, माकड किंवा कोंबडी हवी असेल तर तोच प्राणी का, याचे समर्थन करण्याचा भार विद्यार्थ्यावर पुष्कळच वाढतो. कुत्र्याच्या जातीवरून सरसकट नकार देणे योग्य मानले जात नाही, परंतु त्या विशिष्ट कुत्र्याने पूर्वी कोणाला चावा घेतला असेल किंवा त्याच्या वर्तनातून इतरांना प्रत्यक्ष धोका दिसत असेल, तर विद्यापीठ नाही म्हणू शकते. खरा पेच पडतो तो दोन गरजा समोरासमोर येतात तेव्हा. ओहायो स्टेट विद्यापीठातील एका निवासगृहात एका विद्यार्थिनीला पॅनिक अटॅकसाठी कुत्र्याचा आधार होता, आणि तेथेच राहणाऱ्या, आतड्याचा क्रोन्स हा विकार असलेल्या दुसऱ्या विद्यार्थिनीचा त्रास त्याच कुत्र्याच्या ॲलर्जीने वाढत असल्याची तक्रार होती. विद्यापीठाने कुत्र्याच्या विरोधात निर्णय दिला. २०१७ मध्ये न्यायालयाने अंतरिम आदेशाने कुत्र्याला तेथे राहू दिले. त्या प्रकरणात कुत्रा प्रशिक्षित सेवाप्राणी असल्याचा दावा होता हे खरे, पण दोन दिव्यांगत्वांतील अशा संघर्षाला तयार उत्तर नाही, हे त्यातून जे दिसले ते आधार-प्राण्यांनाही तितकेच लागू पडते.

इतक्या खटाटोपानंतर प्राण्याचा उपयोग होतो काय, याविषयी शास्त्रीय पुरावा अजून तोकडाच आहे. वॉशिंग्टन स्टेट विद्यापीठातील संशोधकांनी २०१९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या, २४९ विद्यार्थ्यांवरील अभ्यासात कुत्र्या-मांजरांना अवघी दहा मिनिटे कुरवाळल्यानंतर लाळेतील कॉर्टिसॉल या ताणाशी संबंधित संप्रेरकाचे प्रमाण घटल्याचे आढळले. परंतु दहा मिनिटांची भेट निराळी, आणि वर्षभर एका खोलीत प्राण्याला जेवू घालणे, फिरवणे, त्याची घाण काढणे निराळे. ज्या विद्यार्थ्याला सकाळी अंथरुणातून उठणेच जड जाते त्याला कुत्र्याच्या फेरफटक्याने दिवसाला वळण लागते, असा अनुभव समुपदेशक सांगतात, तसाच त्याच जबाबदारीच्या ओझ्याने विद्यार्थी आणखी खचल्याचाही. प्राण्याच्या बाजूनेही विचार व्हायला हवा. सकाळी नऊ ते रात्री नऊ प्रयोगशाळेत असणाऱ्या विद्यार्थ्याच्या कोंडलेल्या खोलीत कुत्र्याचे काय होते, हा प्रश्न कोणत्याही अर्जात पुरेशा गांभीर्याने विचारला जात नाही. मांजर किंवा सशाची निवड कित्येकदा अधिक शहाणपणाची ठरते ती याचमुळे.

भारतातून जाणारे विद्यार्थी, त्यातही पदव्युत्तर शिक्षणासाठी जाणारे, बहुधा विद्यापीठाबाहेर भाड्याच्या घरात तिघे-चौघे मिळून राहतात. तेथेही फेअर हाउसिंग ॲक्टच लागू असतो, फक्त अर्ज घरमालकाकडे किंवा इमारतीच्या व्यवस्थापनाकडे करायचा असतो. मात्र मालक स्वतः राहत असलेल्या, चार किंवा त्याहून कमी कुटुंबांच्या लहान इमारतींना त्यातून बव्हंशी सूट आहे, आणि स्वस्त खोल्या पुष्कळदा अशाच घरांत मिळतात. कायद्याचे संरक्षण नागरिकत्वावर अवलंबून नाही, त्यामुळे विद्यार्थी व्हिसावर आलेल्यालाही ते मिळते. दिव्यांग साहाय्य कार्यालयाकडे दिलेली माहिती गुणपत्रिकेवर उमटत नाही, ही गोष्टही सांगून ठेवण्याजोगी आहे, कारण मानसिक आजाराची नोंद कोठे राहील या धास्तीने आपल्याकडील मुले-मुली मदत मागायलाच कचरतात. पुण्या-मुंबईतील मानसोपचारतज्ज्ञाचे पत्र चालेल काय, याचे उत्तर विद्यापीठागणिक वेगळे असते. काही कार्यालये पूर्वीच्या उपचारांचा दाखला म्हणून ते स्वीकारतात, तर काही स्थानिक परवाना असलेल्या तज्ज्ञाचाच आग्रह धरतात, म्हणून निघण्यापूर्वी लेखी विचारणा करणे चांगले. नकार मिळाल्यास प्रथम विद्यापीठांतर्गत अपील असते. त्यापुढे गृहनिर्माण खात्याकडे एका वर्षाच्या आत तक्रार किंवा दोन वर्षांच्या आत न्यायालयात दावा, हे मार्ग खुले असतात.

घरचाच कुत्रा सोबत नेण्याचा विचार करणाऱ्यांची वाट मात्र बरीच बिकट आहे. जानेवारी २०२१ पासून अमेरिकेच्या विमानप्रवास नियमांत भावनिक आधार देणाऱ्या प्राण्याला सेवाप्राण्याचा दर्जा उरलेला नाही. विमान कंपन्या त्याला साधा पाळीव प्राणी मानून शुल्क आकारू शकतात किंवा नाकारू शकतात. शिवाय अमेरिकी रोगनियंत्रण केंद्राने भारताला कुत्र्यांपासून होणाऱ्या रेबीजचा मोठा धोका असलेल्या देशांत गणले आहे, आणि १ ऑगस्ट २०२४ पासूनच्या नियमांनुसार अशा देशांतून येणारा कुत्रा किमान सहा महिन्यांचा असावा लागतो. त्याच्या कातडीखाली मायक्रोचिप, भारतात लस दिली असल्यास तिचे सरकारी पशुवैद्याने प्रमाणित केलेले कागद, आणि केंद्राकडे नोंदलेल्या प्राणी-निगा केंद्रात आगाऊ आरक्षण हे सारे लागते. लसीमुळे पुरेशी प्रतिकारद्रव्ये तयार झाल्याचा रक्तचाचणी अहवाल नसेल, तर २८ दिवसांचे विलगीकरणही घडते. त्यामुळे तेथील निवाऱ्यातूनच एखादे प्रौढ मांजर दत्तक घेण्याकडे विद्यार्थ्यांचा कल असतो. अभ्यासक्रम संपवून त्याला घेऊन परतायचे झाल्यास भारताच्या पशू विलगीकरण व प्रमाणन सेवेचे ना-हरकत प्रमाणपत्र आधी मिळवावे लागते. तज्ज्ञाचे ते पत्र मात्र भारतात कोणी विचारणार नाही. २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यात मानसिक आजाराचा समावेश असून वाजवी सोयीचे तत्त्वही आहे, पण आधार-प्राण्याचा उल्लेख त्यात नाही, आणि वसतिगृहांच्या संदर्भात तो प्रश्न येथे अजून फारसा लावून धरला गेलेला नाही. गृहनिर्माण संस्थेच्या इमारतीत राहायचे असेल तर मात्र, रहिवाशांनी बहुमताने ठराव केला तरी पाळीव प्राण्यांवर बंदी घालता येत नाही, असे भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाचे २०१५ चे परिपत्रक सांगते, आणि त्यासाठी आजारही लागत नाही.